वाळू-वाहतुकीतील वाहनजप्ती आणि न्यायालयीन आव्हाने : एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना :
नदीपात्रातील वाळू ही कायद्याच्या दृष्टीने गौण खनिज होय. खाण व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम १५ ने गौण खनिजांविषयी नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला. अवैध उपशाविरुद्धच्या कारवाईत ट्रॅक्टर, ट्रक वा डंपर हेच शासनाच्या हाती लागणारे ठळक साधन असते. मात्र तेच वाहन पुष्कळदा कर्ज काढून घेतलेले आणि एखाद्या कुटुंबाच्या उपजीविकेचा आधार असते. म्हणूनच वाहन अडविणे आणि ते कायमचे सरकारजमा करणे या दोन कृतींतील भेद हा या विषयाच्या इतिहासाचा कणा ठरतो.

कायदेशीर तरतुदी :
केंद्रीय अधिनियमाच्या कलम २१(४) नुसार विशेष अधिकार दिलेला अधिकारी खनिज, हत्यारे व वाहन जप्त करू शकतो. १९९९ च्या दुरुस्तीने कलम २१(४अ) समाविष्ट झाले आणि सरकारजमा करण्याचा आदेश सक्षम न्यायालयाकडे सोपविण्यात आला. केरळने २००१ मध्ये नदीकाठ संरक्षणाचा स्वतंत्र अधिनियम करून पोलीस व महसूल अधिकाऱ्यांना वाहनजप्तीचा अधिकार दिला. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधील कलम ४८(८) चा रोख मुळात खनिजावर होता. दुरुस्तीनंतर यंत्रसामग्री व वाहनेही त्याच्या कक्षेत आली. सुधारित कलमानुसार जप्तीचा अधिकार जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी यांना आहे. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी वा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यासमोर सादर करावे लागते. विहित दंड भरून व जातमुचलका देऊन ते सोडविता येते.

न्यायालयीन आव्हाने :
पहिला प्रश्न वाहन किती काळ अडकवून ठेवायचे, हा होता. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य (२००२) हे प्रकरण वाळूचे नव्हते. परंतु जप्त वाहने पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात अर्थ नाही, योग्य हमी घेऊन ती सोडावीत, हे त्यातील तत्त्व वाळू-प्रकरणांतील वाहनमालकांच्या युक्तिवादाचा आधार बनले.

दुसरा प्रश्न पोलिसांच्या अधिकाराचा होता. कलम २२ नुसार प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीखेरीज न्यायालय अधिनियमाखालील गुन्ह्याची दखल घेऊ शकत नाही. त्यामुळे पोलीस कारवाईच अवैध ठरते, असा बचाव घेतला जाई. दिल्ली राज्य विरुद्ध संजय (२०१४) या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने तो अमान्य केला. परवान्याविना नदीपात्रातील वाळू नेणे ही भारतीय दंड संहितेखालील चोरीही असू शकते आणि त्या गुन्ह्याच्या तपासास कलम २२ ची आडकाठी नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले.

तिसरा प्रश्न तडजोडीचा होता. मध्य प्रदेशातील जयंत प्रकरणात (२०२०) वाहनमालकांनी दंड भरून प्रकरण मिटविले होते. अशा तडजोडीने खनिज अधिनियमाखालील कार्यवाही संपते, चोरीच्या आरोपाची मात्र संपत नाही, असा निर्णय झाला. १ जुलै २०२४ पासून दंड संहिता व फौजदारी प्रक्रिया संहिता यांची जागा अनुक्रमे भारतीय न्याय संहिता व भारतीय नागरिक सुरक्षा संहिता यांनी घेतली. मालमत्तेच्या अंतरिम ताब्याची तरतूद नव्या प्रक्रिया संहितेतही कायम आहे.

समारोप :
वरील निर्णयांचा एकत्रित विचार करता दोन प्रवाह दिसतात. वाळू ही सार्वजनिक संपत्ती असल्याने कारवाईची व्याप्ती वाढत गेली. त्याच वेळी सक्षम अधिकारी, विहित मुदत व वाजवी हमी यांचा आग्रह वाहनमालकाला संरक्षण देत राहिला. हे प्रवाह परस्परविरोधी मानण्याचे कारण नाही. अधिकार नसताना केलेली जप्ती वा सदोष पंचनामा न्यायालयात टिकत नाही आणि त्याचा लाभ वाळू नेणाऱ्यालाच मिळतो. उलट, वाहन वर्षानुवर्षे तहसील कार्यालयाच्या आवारात गंजत पडल्याने नदीपात्र भरून येत नाही. म्हणूनच कार्यपद्धतीचे काटेकोर पालन ही वाहनमालकावरील मेहेरबानी नसून नदीच्या रक्षणाचीच पूर्वअट होय.