नदीकाठचा महाराष्ट्र, डोंगरातला महाराष्ट्र

आज आपण एका चित्राबद्दल बोलणार आहोत. हे चित्र कुठल्या संग्रहालयात टांगलेलं नाही. ते आपल्या मनात आहे.

शाळेत बाई म्हणायच्या, ‘निसर्गचित्र काढा.’ मग आपण काय काढायचो? दोन त्रिकोणी डोंगर, मधोमध उगवता सूर्य, डोंगरातून निघालेली नदी आणि काठावर एक घर. कोकणातलं मूल हे चित्र काढतं, आणि परभणीतलं मूलही हेच काढतं. परभणीच्या मुलाला घराबाहेर दिसते ती काळी, सपाट जमीन. तरी वहीत डोंगर येतोच. आपली भूमी म्हणजे डोंगर, हे आपल्याला कुणी शिकवलं? आणि कधीपासून?

थोडं मागे जाऊ. हाल सातवाहनाच्या नावावर असलेली ‘गाथा सप्तशती’ महाराष्ट्री प्राकृतात आहे. आपल्या भूमीचं इतकं जुनं आणि इतकं जिवंत वर्णन दुसरीकडे क्वचितच सापडेल. त्यात गोदावरी आहे, तिचे काठ आहेत, शेतं आहेत, गावातली माणसं आहेत. सातवाहनांची राजधानी पैठण, तीही गोदेकाठी. पुढे तेराव्या शतकात चक्रधरस्वामी आपल्या अनुयायांना महाराष्ट्रातच राहायला सांगतात, आणि ‘लीळाचरित्रा’त त्यांचा वावर गोदाकाठच्या गावांमधून दिसतो. ज्ञानेश्वरी नेवाशाला सिद्ध झाली, शके 1212 मध्ये, म्हणजे इसवी सन 1290 मध्ये. ग्रंथाच्या शेवटी ज्ञानेश्वर आपलं ठिकाण सांगतात, तेही गोदावरीच्या संदर्भानेच. म्हणजे बघा, हजार-बाराशे वर्षं आपल्या भूमीची खूण सांगायची तर आपण नदी सांगत होतो.

मग डोंगर कधी आला? कुणी म्हणेल, शिवाजी महाराजांच्या काळात. ते अर्धंच खरं आहे. स्वराज्य गडांवर उभं राहिलं यात शंका नाही. पण त्या काळातली माणसं गडाकडे कशी बघत होती? रामचंद्रपंत अमात्यांचं ‘आज्ञापत्र’ उघडून पाहा. तिथे गड म्हणजे राज्याचं बळ. पण चर्चा कशाची? पाण्याची, तटाची, दारूगोळ्याची, गडावर कोण नेमावा याची. आधी पाणी बघा, मग किल्ला बांधा, असा तो व्यवहारी सल्ला आहे. गड ही राबण्याची आणि लढण्याची जागा होती, दुरून न्याहाळायची नव्हती.

1818 मध्ये मराठी राज्य गेलं. त्याच वर्षी तोफांच्या माऱ्यानंतर रायगड पडला. इंग्रजांनी अनेक किल्ल्यांच्या वाटा सुरुंग लावून उडवल्या. गडाचं काम संपलं, आणि गडाचं चित्र व्हायला सुरुवात झाली. इंग्रज अधिकारी आणि चित्रकार घाटांची दृश्यं काढू लागले. महाबळेश्वर, माथेरान ही थंड हवेची ठिकाणं वसली. आजही आपण तिथे गेलो की काय म्हणतो? ‘पॉइंट बघायला जाऊ.’ डोंगराकडे ठरावीक जागी उभं राहून बघायचं, ही सवय या काळातली. 1863 मध्ये बोरघाटातून रेल्वे सुरू झाली आणि मुंबई-पुण्याच्या शिकलेल्या माणसाला खिडकीतून सह्याद्री दिसू लागला.

पण आपल्या लोकांनी ही नजर नुसती उसनी घेतली नाही, तिला वेगळं काम दिलं. 1869 मध्ये जोतीराव फुल्यांनी शिवाजी महाराजांवर पोवाडा लिहिला. 1896 मध्ये टिळकांच्या पुढाकाराने रायगडावर शिवजयंतीचा उत्सव झाला. 1900 मध्ये न्यायमूर्ती रानड्यांचा मराठ्यांच्या सत्तेच्या उदयावरचा ग्रंथ आला. त्यात त्यांनी सह्याद्री-सातपुड्याच्या रांगा, तिथली हवा आणि माणसांचा काटकपणा यांची सांगड घातली. पुढे गोविंदाग्रजांनी, म्हणजे राम गणेश गडकऱ्यांनी, ‘श्रीमहाराष्ट्रगीत’ लिहिलं आणि जमिनीचा खडकाळपणा हाच अभिमानाचा विषय केला. एका हरलेल्या समाजाला हा डोंगर मोठा आधार होता. राज्य गेलं तरी कडे उभे होते. हे चित्र उपऱ्या अहंकारातून आलेलं नाही, गरजेतून आलं आहे, हे आपण विसरू नये.

आणि ते टिकलंही. 1962 मध्ये चीनचं युद्ध चालू असताना यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले, तेव्हा लोक काय म्हणाले? हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला! एका माणसाची बदली सांगायला आपण दोन पर्वत वापरले. आपल्या मराठी दूरदर्शन वाहिनीचं नावही ‘सह्याद्री’च.

आता या चित्राची दुसरी बाजू. चित्रात कोण येतं आणि कोण राहून जातं?

पहिली गोष्ट मुळशीची. गडकरी 1919 मध्ये गेले. त्यानंतर दोनच वर्षांनी, 1921 मध्ये, मुळशीचा सत्याग्रह सुरू झाला. टाटा कंपनीच्या धरणात मावळातली गावं आणि भातशेती बुडणार होती. सेनापती बापटांनी तो लढा पुढे नेला. तरी धरण झालंच. मावळे आपल्या गाण्यांत होते, पोवाड्यांत होते. त्याच मावळातल्या शेतकऱ्याची जमीन मात्र वाचली नाही. डोंगरावर प्रेम करणं सोपं असतं, डोंगरात राहणाऱ्याच्या बाजूने उभं राहणं अवघड.

दुसरी गोष्ट पावसाची. महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. त्याच सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्यात जेमतेम पाचशेच्या आसपास. ढग अडवणारा डोंगर एकच. म्हणजे माणदेशाचा दुष्काळ हीसुद्धा सह्याद्रीचीच गोष्ट आहे, पण आपल्या निसर्गचित्रात तो नसतो. तो साहित्यात आणला व्यंकटेश माडगूळकरांनी, ‘बनगरवाडी’त. खानदेशची शेतं बहिणाबाईंनी आणली, अजिंठ्याच्या बाजूचं रान ना. धों. महानोरांनी. हे लेखन आपण वाचतो, त्याला ‘ग्रामीण’ म्हणतो आणि बाजूला ठेवतो. सह्याद्रीला मात्र आपण ‘महाराष्ट्र’ म्हणतो. हा फरक नुसता शब्दांचा नाही. ज्या प्रदेशाला आपण मनातल्या चित्रात जागा देत नाही, त्याचं दुखणंही आपल्याला आपलं वाटत नाही. अनुशेषाचे आकडे आपण ऐकतो, पण ते दुसऱ्या कुणाचे वाटतात.

2025 मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा यादीत घेतलं. त्यातला एक, जिंजी, तमिळनाडूत आहे. आपल्याला आनंद झाला, व्हायलाच हवा. तो साजरा करताना आपल्या राज्यगीताकडेही एकदा नीट लक्ष देऊ. ‘गर्जा महाराष्ट्र माझा’ 2023 मध्ये राज्यगीत झालं. त्याचे कवी राजा बढे नागपूरचे. सह्याद्री त्यातही आहे, पण जयघोषानंतर लगेच काय येतं? नद्यांची नावं. नंदुरबारच्या टोकाला स्पर्शून जाणारी नर्मदा, विदर्भातली वर्धा, मग कृष्णा, कोयना, आणि गोदावरी. डोंगर एका बाजूला उभा राहतो. नदी तिथून निघते आणि सगळ्यांच्या शेतापर्यंत जाते.

तेव्हा घरी गेल्यावर मुलांना निसर्गचित्र काढायला सांगा. डोंगर काढू नको म्हणू नका. फक्त एवढं विचारा, ‘आपल्या घरातून काय दिसतं?’ आणि ते काढू द्या.