स्वतंत्रपूर, शांताराम आणि पुरावा : सिनेमा इतिहासासाठी कसा वाचायचा?

म्हसवडहून आटपाडीकडं निघालात की आटपाडीच्या परिसरात स्वतंत्रपूर लागतं. बाहेरचा कुणी विचारायला लागला की उत्तर ठरलेलं असतं : "ते नाही का, 'दो आँखें बारह हाथ'वालं!" आता तुम्ही संशोधनाच्या तयारीत असाल तर इथंच जरा थांबा. सिनेमा १९५७ चा. कैद्यांची खुली वसाहत १९३९ ची, औंध संस्थानातली. म्हणजे अठरा वर्षांनी आलेली गोष्ट आधीच्या घटनेची ओळख बनून बसली आहे. हे कसं झालं हे समजायचं तर दिग्दर्शकाची कारकीर्द बघावी लागते.

व्ही. शांताराम १९०१ साली कोल्हापुरात जन्मले. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करत शिकले. १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये जमीन गमावलेला तरुण शेतकरी त्यांनीच उभा केला. तो सिनेमा ना. ह. आपट्यांच्या कथेवरचा, आणि आपटे आपल्या कोरेगावचे. १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्याबरोबर 'प्रभात' काढली, १९३३ ला ती पुण्यात नेली. पुढं 'कुंकू' (१९३७, पुन्हा आपटेच), 'माणूस' (१९३९), 'शेजारी' (१९४१). १९४२ मध्ये प्रभात सोडून मुंबईत 'राजकमल'. तारखांची ही यादी विकिपीडियावर मिळते, त्यामुळं तिच्यात अडकू नका. बघायचं ते वेगळंच.

१९३३ मध्ये 'सैरंध्री'च्या रंगीत प्रतींच्या कामासाठी शांताराम जर्मनीला गेले. परत आल्यावर १९३४ चा 'अमृतमंथन' केला. त्यात राजगुरू झालेल्या चंद्रमोहनचा डोळा पडदाभर दिसतो. धाक म्हणजे काय, ते एका डोळ्यात. आता 'दो आँखें' आठवा. सहा खुनी कैदी कुलूप नसतानाही पळून का जात नाहीत? जेलर आदिनाथच्या दोन डोळ्यांच्या जरबेमुळं. माझं मत असं की या सिनेमाची मुळं औंधात जितकी आहेत तितकीच 'अमृतमंथन'मध्ये आहेत. दिग्दर्शक घटना घेतो, पण ती स्वतःच्या जुन्या भाषेत सांगतो. (बैलाच्या झुंजीच्या चित्रीकरणात शांतारामांच्या खऱ्या डोळ्यांना इजा झाली. हा योगायोग लोक फार रंगवून सांगतात, पण आपल्या मुद्द्याला त्याचा उपयोग नाही.)

मग औंधातलं काय आलं? कथा लिहिली ग. दि. माडगूळकरांनी. जन्म शेटफळ्याचा, गाव माडगुळं, शाळा औंधची. आटपाडी औंध संस्थानातच होती. म्हणजे लेखकाला ही गोष्ट कुठल्या पुस्तकातून शोधायची गरज नव्हती, ती त्याच्या मुलखातलीच होती.

आणि काय गळलं? विज्ञानाच्या भाषेत विचारायचं तर प्रयोगातले कुठले घटक पडद्यावर आलेच नाहीत? पहिला म्हणजे मॉरिस फ्रीडमन. वॉर्साचा हा पोलिश ज्यू इंजिनिअर बंगळूरच्या कारखान्यातलं काम सोडून गांधीविचाराकडं आला आणि कैद्यांना मोकळं ठेवायची कल्पना त्यानं राजापुढं मांडली. दुसरे राजे भवानराव पंतप्रतिनिधी आणि त्यांचे चिरंजीव आप्पासाहेब पंत, जे पुढं नॉर्वेसह अनेक देशांत भारताचे राजदूत झाले. तिसरा आणि माझ्या मते सगळ्यात मोठा घटक : १९३९ चीच औंधची राज्यघटना. राजानं आपला अधिकार ग्रामपंचायतींच्या पायावर उभ्या केलेल्या लोकसभेकडं सोपवला, त्यात गांधीजींचा सल्ला होता. खुला तुरुंग हा त्या मोठ्या प्रयोगाचा एक तुकडा होता. पडद्यावर मात्र संस्थान नाही, घटना नाही, पंचायत नाही. उरतो एक चांगला जेलर, आणि शेवटी तोही मरतो.

हा फरक छोटा नाही. सिनेमा सांगतो की सुधारणा एका माणसाच्या नजरेनं होते. औंध सांगतं की त्यासाठी व्यवस्था बदलावी लागते. १९४८ मध्ये संस्थान विलीन झालं, घटना गेली, पण वसाहत टिकली. जेलरच्या डोळ्यांवर सगळं चालत असतं तर हे झालं असतं का? हा प्रश्न तुमच्या संशोधन आराखड्यात चपखल बसेल.

म्हणून सिनेमा टाकून द्यायचा का? अजिबात नाही. १९५८ मध्ये बर्लिनला रौप्य अस्वल मिळवणारी, १९७५ मध्ये तमिळमध्ये 'पल्लांडु वाळ्गा' म्हणून पुन्हा निघालेली ही कथा १९३९ साठी कच्चा पुरावा आहे, पण १९५७ साठी पक्का. स्वातंत्र्यानंतर दहा वर्षांनी प्रेक्षकांना गुन्हेगार, शिक्षा आणि सरकारी अधिकारी कसे बघायला आवडत होते, हे त्यातून कळतं. भाजीबाजाराचा प्रसंग त्या नजरेनं पुन्हा बघा. कैदी माल स्वस्तात विकतात आणि व्यापारी त्यांच्या अंगावर येतात. खलनायक कैदी नाही, पोलिस नाही, दलाल आहे. दुष्काळी माणदेशात माल विकून आलेल्या कुणालाही हे समजावून सांगावं लागत नाही.

वाचायला सुरुवात आप्पासाहेब पंतांच्या औंधवरच्या आठवणींपासून करा, पण ते राजपुत्र होते हे ध्यानात ठेवून. शांतारामांचं आत्मचरित्र 'शांतारामा' त्याच्या शेजारी ठेवा. दोन्हीत स्वतःचा वाटा कोण किती सांगतो, ते पेन्सिलनं समासात टिपत जा. आणि मग एकदा स्वतंत्रपूरला जा. तिथं आजही कैदी कुटुंबासह राहतात, शेती करतात. ही कुटुंबाची गोष्टसुद्धा पडद्यावरच्या त्या सहा एकट्या पुरुषांच्या चित्रात बसत नाही.