‘द किड’ : लिखित नाते व आचरित नाते

चार्ल्स चॅप्लिन यांचा ‘द किड’ हा सहा रिळांचा मूकपट जानेवारी १९२१ मध्ये न्यूयॉर्क येथे प्रथम दाखविला गेला. जुलै १९१९ मध्ये चॅप्लिन यांचा पहिला मुलगा जन्मानंतर तीन दिवसांतच दगावला होता व त्यानंतर लवकरच या चित्रपटाच्या कामास आरंभ झाला. त्यामुळे कथेचा उगम पुत्रशोकात शोधण्याची प्रथा पडली आहे. हे स्पष्टीकरण चूक नव्हे. अपुरे मात्र आहे. टाकून दिलेले मूल एका भणंगाला लाभते, याचा अर्थ त्यावरून लागतो. परंतु ते मूल हिरावून नेण्यास अनाथाश्रमाचे अधिकारीच का यावेत, याचा लागत नाही.

त्याचे उत्तर लंडनमध्ये आहे. १८३४ च्या दारिद्र्यविषयक कायद्यानंतर वर्कहाऊसमध्ये येणाऱ्या कुटुंबातील पुरुष, स्त्रिया व मुले यांस निरनिराळे ठेवण्याची रीत सार्वत्रिक झाली. १८९६ मध्ये सात वर्षांचे चॅप्लिन, आई हॅना व भाऊ सिडनी यांच्यासह लँबेथच्या वर्कहाऊसमध्ये दाखल झाले आणि काही आठवड्यांतच दोघे भाऊ हॅनवेलच्या शाळेत धाडले गेले. आश्रय देणारी संस्थाच कुटुंबाची ताटातूट करते, हा त्यांचा प्रत्यक्ष अनुभव होता.

चित्रपटात या संस्थेचे प्रमाण म्हणजे कागद. मुलासोबत आईने ठेवलेली चिठ्ठी भणंग डॉक्टरास दाखवितो, तेव्हा तो बाप नव्हे हे सिद्ध होऊन अधिकारी येतात. पुढे तीच चिठ्ठी आईला आपल्या मुलाची ओळख पटविते. भणंगाच्या पितृत्वास मात्र कोणताही लेख नाही. मुलाने काचा फोडाव्यात व त्याने त्या बसवून द्याव्यात, दोघांनी धिरडी मोजून वाटून घ्यावीत, एवढाच त्याचा पुरावा. जॅकी कूगन हा बालनट मालमोटारीतून हात पसरून आक्रोश करतो, त्या प्रसंगी तर शब्दाची गरजच उरत नाही.

१९७१ मध्ये चॅप्लिन यांनी चित्रपटास स्वतःचे संगीत जोडले व आईविषयीची काही दृश्ये गाळली. आचरित नात्याकडे झुकलेला मूळचा तोल त्यामुळे अधिकच स्पष्ट झाला. अखेरीस पोलीस भणंगाला आईच्या दारी आणून सोडतो, मूल त्याच्या अंगावर झेप घेते आणि दार लागते. त्या घरात त्याचे नाते कोणत्या नावाने ओळखले जाणार, हे चित्रपट सांगत नाही.