मोटारीतील इक्वलायझर

मोटारीतील इक्वलायझर हे मोटारगाडीच्या ध्वनियंत्रणेतील (कार स्टिरिओतील) नियंत्रक साधन होय. ध्वनीतील वेगवेगळ्या वारंवारतांच्या पट्ट्यांची पातळी त्याच्या साहाय्याने स्वतंत्रपणे कमी-अधिक करता येते. 'इक्वलायझर' या शब्दाचा मूळ अर्थ 'सारखे करणारा' असा आहे. गाडीची बंदिस्त जागा, लाउडस्पीकरांची मांडणी आणि रस्त्याचा गोंगाट यांमुळे मूळ ध्वनिमुद्रणात पडणारा फरक शक्य तेवढा भरून काढणे हे त्याचे कार्य आहे. व्यवहारात मात्र त्याचा उपयोग बहुधा बास आणि ट्रेबल वाढवण्यासाठीच केला जातो. त्यामुळे शब्द अस्पष्ट होतात, आवाज फाटतो आणि प्रसंगी लाउडस्पीकर व कान या दोहोंना इजा पोहोचते.

मूलभूत संकल्पना

निरोगी तरुण माणसाला साधारणपणे २० ते २०,००० हर्ट्झ या वारंवारतांचा ध्वनी ऐकू येतो. वारंवारता दुप्पट झाली की सूर एका सप्तकाने चढतो. काळी एक या पट्टीतील पुरुषी आवाजाचा मध्य षड्ज सुमारे १३९ हर्ट्झ असतो, तर काळी चार या पट्टीतील षड्ज सुमारे २०८ हर्ट्झ असतो. प्रत्येक स्वराबरोबर त्याचे अनेक उपस्वर निघत असल्याने गायकाच्या आवाजाचा विस्तार याहून पुष्कळ वर, काही हजार हर्ट्झपर्यंत जातो.

पातळी डेसिबेलमध्ये मोजतात. ३ डेसिबेलची वाढ करण्यासाठी दुप्पट, ६ डेसिबेलसाठी चौपट आणि १० डेसिबेलसाठी दहापट विद्युतशक्ती लागते. कानाला मात्र १० डेसिबेलची वाढ साधारण दुप्पट मोठी वाटते. इक्वलायझरची सरकपट्टी थोडीशी वर नेली, तरी ॲम्प्लिफायरवर मोठा भार का पडतो, याचे कारण या हिशेबात आहे.

इतिहास

लांब पल्ल्याच्या दूरध्वनी तारांमधून जाताना उच्च वारंवारता अधिक क्षीण होत. त्यांची पातळी पुन्हा इतरांच्या बरोबरीला आणणाऱ्या परिपथांना इक्वलायझर हे नाव मिळाले. १९३० मध्ये शिकागोच्या गॅल्व्हिन मॅन्युफॅक्चरिंग कॉर्पोरेशनने 'मोटोरोला' या नावाने मोटारीत बसवण्याचा रेडिओ बाजारात आणला. १९३३ मध्ये हार्वे फ्लेचर व वाइल्डन मन्सन यांनी समान-तीव्रता वक्र प्रसिद्ध केले. आवाज लहान असताना मानवी कानाला मंद्र ध्वनी तुलनेने फारच कमी ऐकू येतात, हे त्यांतून स्पष्ट झाले. स्टिरिओवरील 'लाउडनेस' हे बटण याच तत्त्वावर चालते.

१९५२ मध्ये पीटर बॅक्झंडॉल यांनी मांडलेला बास-ट्रेबल नियंत्रणाचा परिपथ पुढे जगभर रूढ झाला. फिलिप्स कंपनीने १९६३ मध्ये सादर केलेल्या कॅसेटमुळे गाडीत आपल्या आवडीचे संगीत ऐकणे सोपे झाले. त्यानंतरच्या काळात डॅशबोर्डखाली बसवण्याचे, सरकपट्ट्या असलेले स्वतंत्र इक्वलायझर लोकप्रिय झाले. १९७२ मध्ये जॉर्ज मॅसेनबर्ग यांनी पॅरामेट्रिक इक्वलायझरवरील शोधनिबंध सादर केला. सध्या बहुतेक स्टिरिओंमध्ये हे काम अंकीय संस्कारक (डीएसपी) करतो.

प्रकार

बास-ट्रेबल नियंत्रण: हा सर्वांत साधा प्रकार होय. यात मंद्र आणि तार अशा दोनच बाजू बदलता येतात. काही स्टिरिओंत मधल्या पट्ट्यासाठी 'मिड' हे तिसरे नियंत्रण असते.

ग्राफिक इक्वलायझर: यात ठरावीक वारंवारतांसाठी स्वतंत्र सरकपट्ट्या असतात. दहा पट्ट्यांच्या प्रकारात त्या साधारणपणे ३१, ६३, १२५, २५०, ५००, १,०००, २,०००, ४,०००, ८,००० व १६,००० हर्ट्झवर असतात. लगतच्या दोन पट्ट्यांत एका सप्तकाचे अंतर असते.

पॅरामेट्रिक इक्वलायझर: यात मध्यवर्ती वारंवारता, पातळी आणि पट्ट्याची रुंदी या तिन्ही गोष्टी निवडता येतात. एखादाच दोष नेमका दूर करण्यासाठी हा प्रकार अधिक उपयुक्त असतो.

पूर्वनिश्चित मांडण्या: 'रॉक', 'पॉप', 'जॅझ' अशा नावांच्या तयार मांडण्या बनवताना कोणती गाडी वापरली जाईल, हे निर्मात्याला ठाऊक नसते. त्यामुळे गाडीचे दोष त्यांतून दूर होत नाहीत.

गाडीच्या अंतर्भागाचा परिणाम

हवेत ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ३४५ मीटर असतो. त्यानुसार ५० हर्ट्झच्या ध्वनीची तरंगलांबी सुमारे ७ मीटर, तर १०,००० हर्ट्झच्या ध्वनीची सुमारे साडेतीन सेंटीमीटर भरते. गाडीचा अंतर्भाग मंद्र ध्वनीच्या तरंगलांबीपेक्षा लहान असल्याने तेथे अतिमंद्र ध्वनी आपोआप वाढतो. घरी समतोल वाटणारे मुद्रण गाडीत घुमते, ते यामुळे. याउलट उच्च वारंवारता आसनांचे कापड, छताचे अस्तर आणि माणसांचे कपडे यांत शोषल्या जातात, तर काचांवरून परावर्तित होतात. दारात खाली बसवलेल्या लाउडस्पीकरांच्या बाबतीत तर त्या कानापर्यंत पुरेशा पोहोचतच नाहीत.

भारतात चालक उजवीकडे बसतो. उजवा लाउडस्पीकर त्याच्या जवळ आणि डावा दूर असतो. हे अंतर ६० सेंटीमीटरने कमी-जास्त असेल, तर १२० सेंटीमीटर तरंगलांबीचे, म्हणजे सुमारे २९० हर्ट्झचे तरंग त्याच्या कानाशी परस्परविरुद्ध अवस्थेत पोहोचून एकमेकांना बरेचसे क्षीण करतात. ही उणीव इक्वलायझरने भरून निघत नाही. पातळी वाढवल्यास दोन्ही तरंग सारखेच वाढतात आणि पुन्हा एकमेकांना क्षीण करतात. अशा वेळी जवळच्या लाउडस्पीकरचा ध्वनी सुमारे १.७ मिलिसेकंद उशिरा सोडणे (टाइम अलाइनमेंट) हाच उपाय असतो.

एखाद्या लाउडस्पीकरच्या तारा उलट जोडल्या गेल्यास बास जवळजवळ नाहीसा होतो. बॅलन्स एका बाजूला फिरवल्यावर बास वाढत असेल, तर हा दोष असण्याची शक्यता असते. तो तारा बदलूनच दूर करावा लागतो.

रस्ता आणि गोंगाट

गाडी धावू लागली की इंजिन, टायर आणि वारा यांचा गोंगाट सुरू होतो. आतील गोंगाट प्रामुख्याने मंद्र वारंवारतांचा असल्याने तो संगीतातील बास झाकून टाकतो. वेग दुप्पट झाल्यास टायरचा गोंगाट साधारण ९ ते १२ डेसिबेलने वाढतो. वाहनांतील आवाज व कंपन यांच्या चाचण्या पुण्यातील ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया (स्थापना १९६६) या संस्थेत केल्या जातात.

रस्त्याच्या प्रकारानुसार हा गोंगाट कसा बदलतो, हे बुलढाणा जिल्ह्याच्या उदाहरणावरून समजते. मेहकर तालुक्यातील डोणगावसारख्या गावांच्या परिसरात काळ्या जमिनीवरून जाणारे रस्ते आहेत. ही माती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते. त्यामुळे डांबरी रस्ता उंचसखल होतो. वेग कमी असला, तरी गाडीचे दरवाजे व डॅशबोर्ड खडखडतात. याच तालुक्यातून ७०१ किलोमीटर लांबीचा नागपूर-मुंबई समृद्धी महामार्गही जातो. तेथे काँक्रीटचा पृष्ठभाग आणि अधिक वेग यांमुळे टायरचा गोंगाट अखंड चालू राहतो. एकाच प्रवासात या दोन्ही रस्त्यांवरून जाणाऱ्या गाडीत एकच मांडणी सर्वत्र योग्य ठरत नाही. उभ्या गाडीत थोडा अधिक वाटणारा बास महामार्गावर जेमतेम ऐकू येतो. तो तेथे वाढवून ठेवला, तर गावात शिरताच घुमू लागतो.

दोषांची ओळख

बोलीभाषेत आवाजाच्या दोषांना जी नावे आहेत, त्यांचा संबंध ढोबळमानाने पुढील पट्ट्यांशी जोडता येतो.

घुमणारा आवाज: १०० ते ३०० हर्ट्झ अधिक.
डब्यातून आल्यासारखा आवाज: ३०० ते ८०० हर्ट्झ अधिक.
नाकातला आवाज: ८०० ते १,५०० हर्ट्झ अधिक.
कर्कश आवाज: २,००० ते ५,००० हर्ट्झ अधिक.
टोचणारा सकार: ५,००० ते ९,००० हर्ट्झ अधिक.
दबलेला, पांघरुणातून आल्यासारखा आवाज: ४,००० हर्ट्झच्या वरचा भाग कमी.

मराठी शब्दांच्या स्पष्टतेच्या दृष्टीने २,००० ते ८,००० हर्ट्झचा भाग महत्त्वाचा आहे. स्वरांची बरीचशी ऊर्जा १,००० हर्ट्झच्या खाली असते. व्यंजनांचे वेगळेपण मात्र वरच्या भागात असते. 'चाक'मधील दंततालव्य च आणि 'चिमणी'मधील तालव्य च, किंवा स आणि श, यांतील भेद घर्षणाच्या वारंवारतेमुळे जाणवतो. दंततालव्य च आणि स यांचे घर्षण अधिक वरच्या पट्ट्यात असते. बास व ट्रेबल ही दोन्ही टोके उचलून मधला भाग खाली दाबल्यास (इंग्रजी 'व्ही' अक्षराच्या आकाराची मांडणी) सुरुवातीला संगीत आकर्षक वाटते, परंतु कीर्तन, नाट्यगीत किंवा बातम्या यांतील शब्द मागे पडतात.

जुळवण्याची पद्धत

इक्वलायझरची जुळवणी गाडी सुरक्षित जागी उभी करूनच केली जाते. तिचा सर्वसाधारण क्रम पुढीलप्रमाणे असतो.

१. सर्व पट्ट्या शून्यावर आणाव्यात. लाउडनेस, बास बूस्ट व तयार मांडण्या बंद ठेवाव्यात. मोबाइलवरून ध्वनी येत असल्यास त्यातील इक्वलायझरही बंद करावा.

२. बॅलन्स आणि फेडर यांनी आवाज समोरच्या बाजूला, मध्यभागी आणावा. लाउडस्पीकरच्या तारांची दिशा तपासावी.

३. परिचित आणि चांगल्या प्रतीचे मुद्रण निवडावे. प्रथम केवळ मानवी आवाज, नंतर तबला किंवा ढोलकी आणि शेवटी पूर्ण वाद्यमेळ ऐकावा.

४. एकेक पट्टी क्षणभर सुमारे ६ डेसिबेलने वर न्यावी. ज्या पट्टीवर दोष सर्वाधिक ठळक होतो, ती शून्याच्या खाली २ ते ४ डेसिबेल आणावी. वाढवण्यापेक्षा कमी करणे हा या जुळवणीचा मुख्य नियम आहे.

५. वाढ आवश्यकच असेल, तर ती ३ डेसिबेलपर्यंत मर्यादित ठेवावी. लहान लाउडस्पीकर अतिमंद्र ध्वनी निर्माण करू शकत नाहीत. त्यांच्या बाबतीत ३१ किंवा ६३ हर्ट्झची पट्टी उचलल्याने पडदा वृथा हलतो आणि बास वाढत नाही.

६. बदलापूर्वीचा व नंतरचा आवाज सारख्याच मोठेपणावर ताडून पाहावा. नुसता मोठा आवाजही कानाला अधिक चांगला वाटतो आणि त्यामुळे निर्णय चुकतो.

७. कान थोड्याच वेळात सदोष आवाजालाही सरावतो. म्हणून मध्ये विश्रांती घेऊन, दुसऱ्या दिवशी पुन्हा ऐकून मगच मांडणी कायम करावी.

यासाठी पिंक नॉइज नावाचा चाचणी-ध्वनी आणि मायक्रोफोन यांचाही वापर होतो. मोबाइलमधील मायक्रोफोन अतिमंद्र ध्वनी अचूक मोजत नाही. त्यामुळे त्यावरील आलेख केवळ मार्गदर्शक मानावा.

मर्यादा

मूळ ध्वनीत जे नाही, ते इक्वलायझर निर्माण करू शकत नाही. भारतात मध्यम लहरींवरील केंद्रांमध्ये ९ किलोहर्ट्झचे अंतर असते आणि त्यामुळे त्या प्रक्षेपणातील ध्वनी सुमारे ४,५०० हर्ट्झच्या आसपास संपतो. आकाशवाणीचे मध्यम लहरींवरील कार्यक्रम ऐकताना ८,००० हर्ट्झची पट्टी वाढवल्यास केवळ खरखर वाढते. एफएम प्रक्षेपणात ही मर्यादा १५,००० हर्ट्झपर्यंत असते. बालगंधर्व, हिराबाई बडोदेकर यांच्या काळातील ७८ फेऱ्यांच्या तबकड्यांवरून केलेली मुद्रणे ऐकताना वरच्या एक-दोन पट्ट्या खाली आणल्यास गाणे न बिघडता खरखर कमी होते.

दुसरी मर्यादा विद्युतशक्तीची आहे. इंजिन चालू असताना गाडीत सुमारे १४ व्होल्ट दाब मिळतो. त्यावर थेट चालणारा, स्टिरिओच्या आतील ॲम्प्लिफायर ४ ओहमच्या लाउडस्पीकरला न फाटता सुमारे २० वॅटच देऊ शकतो, मग खोक्यावर ५० वॅट छापलेले का असेना. बासला ५ वॅट लागत असताना ६ डेसिबेल वाढ केल्यास २० वॅट लागतात, ९ डेसिबेल केल्यास सुमारे ४० वॅट. ॲम्प्लिफायर ते देऊ शकत नाही, तरंगाचे माथे कापले जातात आणि आवाज फाटतो. अशा फाटलेल्या आवाजातील जादा ऊर्जेमुळे लाउडस्पीकरची, विशेषतः ट्वीटरची, वेटोळी जळू शकते.

श्रवणाचे आरोग्य आणि कायदा

जागतिक आरोग्य संघटनेच्या मते ८० डेसिबेल आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत सुरक्षित मानता येतो. ९० डेसिबेलसाठी ही मर्यादा केवळ ४ तासांवर येते. गोंगाटामुळे होणारी श्रवणहानी प्रथम ३,००० ते ६,००० हर्ट्झच्या पट्ट्यात दिसते आणि ती भरून येत नाही. वयोमानानुसारही उच्च वारंवारता आधी ऐकू येईनाशा होतात. रोज दीर्घकाळ वाहन चालवणाऱ्या व्यक्तीला ट्रेबल वरचेवर वाढवावा लागत असेल, किंवा इतरांना कर्कश वाटणारी मांडणी तिला योग्य वाटत असेल, तर तो स्टिरिओचा दोष नसून श्रवणहानीचे लक्षण असू शकते. अशा वेळी श्रवणचाचणी करून घेणे इष्ट ठरते. महामार्गावर गोंगाटावर मात करण्यासाठी आवाज वाढवत जाण्याऐवजी काचा बंद ठेवणे आणि टायरमधील हवा योग्य राखणे अधिक हितकारक असते. रुग्णवाहिकेचा भोंगा व इतर वाहनांचे हॉर्न चालकाला ऐकू येतील, एवढाच आवाज ठेवणे सुरक्षित असते.

गाडीचा पत्रा व काचा उच्च वारंवारता बऱ्याच प्रमाणात अडवतात, परंतु मंद्र ध्वनी त्यांतून बाहेर पडतो. म्हणून रस्त्यावरील लोकांना गाडीतील गाणे ऐकू न येता केवळ बासचे ठोके ऐकू येतात. ध्वनिप्रदूषण (विनियमन व नियंत्रण) नियम, २००० नुसार निवासी क्षेत्रात सभोवतालच्या आवाजाची मर्यादा दिवसा ५५ व रात्री ४५ डेसिबेल, तर शांतता क्षेत्रात दिवसा ५० व रात्री ४० डेसिबेल आहे. या नियमांत सकाळी ६ ते रात्री १० हा काळ दिवस मानला जातो.