उशिरां पोंचलेला मान : बुद्धिबळपटु सुलतान खान

इतिहास विजेत्यांचाच लिहिला जातो, असें आपण नेहमीं ऐकतों. परंतु विजय मिळवूनहि विस्मृतींत गेलेल्या पुरुषांची संख्या कांहीं थोडी नाहीं. पंजाबचे बुद्धिबळपटु सुलतान खान हे त्यांपैकींच एक होत. १९२९ ते १९३३ या उण्यापुऱ्या पांच वर्षांत त्यांनीं ब्रिटिश अजिंक्यपद तीन वेळां मिळविलें आणि जगांतील पहिल्या प्रतीच्या खेळाडूंस पटावर नमविलें. असें असतां ‘ग्रँडमास्टर’ ही पदवी त्यांच्या नांवास जोडली जाण्यास २०२४ साल उजाडावें लागलें. हें कसें घडलें, याचा विचार उद्बोधक आहे.

सुलतान खान यांचा जन्म पंजाबांतील मिठा टिवाणा या भागांतला. वयाच्या नवव्या वर्षीं वडिलांकडून ते देशी पद्धतीचा खेळ शिकले, आणि एकविसाव्या वर्षाच्या सुमारास पंजाबांतील श्रेष्ठ खेळाडु म्हणून त्यांचा लौकिक झाला. त्या मुलखांतील मोठे जमीनदार सर उमर हयात खान यांनीं हा गुण हेरून त्यांना आपल्या पदरीं ठेवलें व विलायती नियमांचा खेळ शिकविण्याची तजवीज केली. १९२८ सालच्या अखिल भारतीय स्पर्धेंत नऊ डावांपैकीं आठ जिंकून व एक बरोबरींत सोडवून सुलतान खान पहिले आले. पुढील वर्षाच्या एप्रिलमध्यें आश्रयदात्याबरोबर ते लंडनास पोंचले.

येथें दोन्ही खेळांतील भेद ध्यानांत घेतला पाहिजे. उत्तरेकडील देशी पद्धतींत प्यादें पहिल्या खेळींतहि एकच घर पुढें सरके. विलायतींत त्याला दोन घरें जातां येतें. विलायती किल्लेकोट देशी पटावर नव्हता. त्याऐवजीं राजाला एकदां घोड्याची उडी मिळे. अखेरच्या पंक्तीस पोंचलेल्या प्याद्याचा विलायती खेळाडु आपल्या इच्छेनें वजीर करतो. देशी डावांत तें प्यादें ज्या मोहऱ्याच्या घरांत पोंचे, सामान्यतः त्याचेंच रूप त्याला घ्यावें लागे. साहजिकच देशी डाव सावकाश उलगडे. युरोपांत डावाच्या आरंभाचें एक मोठें पुस्तकी शास्त्रच तयार झालें होतें. त्याचा देशी खेळाडूस गंधहि नसे. म्हणूनच लंडनांतील पहिल्या सरावाच्या सामन्यांत सुलतान खान तळाशीं राहिले. परंतु विंटर व येट्स या इंग्रज खेळाडूंनीं त्यांच्याकडून मेहनत करून घेतली, आणि त्याच उन्हाळ्यांत रॅम्सगेट येथें ते ब्रिटिश विजेते ठरले. तळापासून शिखरापर्यंतची ही वाटचाल अवघ्या कांहीं महिन्यांची होती.

त्यानंतरचा क्रम याहूनहि थक्क करणारा आहे. १९३० सालीं लीज येथील स्पर्धेंत तार्ताकोव्हर यांच्या मागोमाग त्यांचा दुसरा क्रमांक लागला. १९३०–३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेंत त्यांनीं माजी जगज्जेते कापाब्लांका यांच्यावर मात केली. १९३१ सालीं तार्ताकोव्हर यांच्याशीं झालेल्या बारा डावांच्या सामन्यांत चार जिंकून, पांच बरोबरींत सोडवून व तीन गमावून त्यांनीं विजय संपादन केला. त्याच वर्षीं प्राग येथील ऑलिंपियाडमध्यें इंग्लंडच्या पहिल्या पटावर बसून त्यांनीं रुबिन्स्टाइन आणि फ्लोर यांस हरविलें, व तत्कालीन जगज्जेते अलेखिन यांस बरोबरींत रोखलें. १९३२ व १९३३ या दोन्ही सालीं ब्रिटिश अजिंक्यपद पुन्हा त्यांच्याकडे आलें.

त्यांचें खरें बळ डावाच्या मध्यांत व अखेरीस दिसे. आरंभीं जें गमवावें लागे, तें पुढें चिकाटीनें व शांतपणें भरून काढण्याची त्यांची हातोटी विलक्षण होती. तिकडील थंडीनें त्यांची प्रकृति वारंवार बिघडे. हिवताप व घशाचे विकार यांनीं त्यांचा पिच्छा पुरविला, आणि कधीं कधीं तर गळ्याला पट्ट्या गुंडाळूनच ते पटाशीं बसत. १९३३ सालीं हेस्टिंग्ज येथें सर उमर यांच्याच परिवारांतील मिस फातिमा यांनीं अकरांपैकीं साडेदहा गुण मिळवून ब्रिटिश महिला अजिंक्यपद जिंकलें, ही गोष्टहि येथें नमूद केली पाहिजे.

परंतु हें सारें वैभव एका आश्रयावर उभें होतें. १९३३ च्या अखेरीस सर उमर स्वदेशीं परतले, आणि त्यांच्याबरोबर सुलतान खानहि. १९३५ सालीं व्ही. के. खाडिलकर यांच्याशीं झालेल्या दहा डावांच्या सामन्यांत त्यांनीं एकच डाव बरोबरींत सुटूं दिला, बाकीचे नऊ जिंकले. आपल्याकडील वाचकांना हें नांव परकें वाटणार नाहीं. बुद्धि तीच होती, हात तोच होता; मात्र त्या हाताला तुल्यबळ प्रतिस्पर्धी आतां मिळेनात. सर उमर १९४४ सालीं वारले. सुलतान खान २५ एप्रिल १९६६ रोजीं सरगोधा येथें क्षयानें निवर्तले.

त्यांच्याविषयीं ‘साम्राज्याला हरविणारा अडाणी नोकर’ अशी एक आख्यायिका पाश्चात्त्य लेखकांनीं दीर्घकाळ चालविली. ती कानाला गोड लागते, पण त्यांच्या वंशजांना मान्य नाहीं. सुलतान खान हे जमीनजुमला असलेल्या घराण्यांतले व साक्षर होते, असें त्यांचें म्हणणें आहे. आख्यायिकेंत स्तुति असते हें खरें. परंतु तिच्या पोटीं एक अनादरहि दडलेला असतो. पराक्रमाला ‘चमत्कार’ म्हटलें कीं त्यामागची मेहनत दिसेनाशी होते, आणि चमत्काराला पदवी देण्याची जबाबदारी कोणावरच येत नाहीं.

घडलेंहि तसेंच. १९५० सालीं जागतिक बुद्धिबळ महासंघानें ग्रँडमास्टर ही पदवी प्रथम दिली, तेव्हां सत्तावीस जणांच्या यादींत तार्ताकोव्हर, फ्लोर व रुबिन्स्टाइन हे तिघेहि होते. रुबिन्स्टाइन यांनीं तर कित्येक वर्षांपूर्वींच स्पर्धा सोडल्या होत्या. त्यांचा मान गतकाळच्या पराक्रमासाठीं होता, व तो योग्यच होता. मग या तिघांनाहि पटावर हरविणारा पुरुष पंजाबांत जिवंत असतां त्याचें नांव कोणालाच कसें आठवलें नाहीं? १९८८ सालीं विश्वनाथन आनंद हे भारताचे पहिले ग्रँडमास्टर झाले, तेव्हां सुलतान खान यांना जाऊन बावीस वर्षें लोटलीं होतीं. अखेर २०२४ च्या फेब्रुवारींत महासंघानें त्यांना सन्माननीय ग्रँडमास्टर ठरविलें, आणि तो मान त्यांच्या मातृभूमीस, म्हणजे आतांच्या पाकिस्तानास, पोंचविला.

या चरित्रांतून निघणारा बोध कडू आहे. एखाद्या धनिकाचा आश्रय गुणाला वर आणूं शकतो. पण आश्रयदाता परतला कीं गुणहि त्याच्यामागोमाग परततो. गुण टिकवायचा तर संस्था लागतात, सामने लागतात, आणि मान वेळेवर देणारी स्मरणशक्ति लागते. सुलतान खान यांना यांतलें पहिलें मिळालें नाहीं, दुसरें पांच वर्षांपुरतेंच मिळालें, आणि तिसरें मृत्यूनंतर अठ्ठावन्न वर्षांनीं.