निजामाची विमानं

"निजामाकडे विमानं होती का हो?" असं विचारलं की भाऊआजोबा अडकित्त्यातली सुपारी कातरत म्हणायचे, "होती की! पण विलायतेत."

आम्हाला ती थट्टा वाटायची, पण गोष्ट खरी होती. पहिल्या महायुद्धात निजाम मीर उस्मान अली खान यांनी इंग्रजांच्या हवाई दलाला अख्ख्या तुकडीची विमानं घेऊन दिली. ११० क्रमांकाची ही 'हैदराबाद' स्क्वाड्रन १९१८ मध्ये फ्रान्सला गेली, तेव्हा तिच्या डीएच-९ए विमानांवर निजामाच्या नावाची पाटी रंगवलेली होती. दुसऱ्या महायुद्धात १५२ क्रमांकाची तुकडीही हैदराबादच्याच नावाची. १९४० मध्ये तिची स्पिटफायर विमानं इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर जर्मनांशी झुंजली. बोधचिन्हात निजामाची दस्तार, ब्रीद 'एकनिष्ठ मित्र'. ही दौलत शेवटी मराठवाडा-तेलंगणातल्या कुणब्याच्या साऱ्यातूनच उभी राहिलेली. आमच्याकडच्या ज्वारीनं इंग्लिश खाडीवर राखण केली, असं म्हणायला हरकत नाही.

आणि १९४८ मध्ये घरावर वेळ आली तेव्हा? लढायला एक विमान नाही. भारताशी जैसे थे करार झालेला, बाहेरून शस्त्रं आणायची वाट बंद. मग सिडनी कॉटन नावाचा ऑस्ट्रेलियन वैमानिक लँकास्ट्रियन विमानांतून कराचीहून चोरून शस्त्रं आणू लागला. त्याची विमानं बीदर, वरंगळला उतरत.

भाऊआजोबा तेव्हा निजाम स्टेट रेल्वेत, बीदरलाच होते. "रात्री घरघर ऐकू आली की आम्ही कंदिलाची वात बारीक करायचो आणि काही ऐकलंच नाही अशा चेहऱ्यानं बसायचो. कुणापाशी बोलायची सोय नव्हती. भिंतीपलीकडे रझाकार."

१३ सप्टेंबरला हैदराबादवर भारताची पोलीस अ‍ॅक्शन सुरू झाली. मेजर जनरल चौधरींचं मुख्य सैन्य सोलापूरकडून नळदुर्ग, उमरग्यावरून पुढे सरकलं. पुढे राजेश्वरच्या वाटेवर दबा धरून बसलेल्यांवर भारतीय हवाई दलाच्या टेम्पेस्ट विमानांनी हल्ले चढवले. औरंगाबाद, म्हणजे आजचं संभाजीनगर, मेजर जनरल ब्रार यांच्या फौजेनं जमिनीवरून घेतलं. १७ सप्टेंबरला सगळं आटोपलं.

बीदरचा तो तळ पुढे भारतीय हवाई दलाकडे आला. लढाऊ विमानांचे होतकरू वैमानिक तिथे हॉक विमानावर शिकतात. हवाई कसरती करणाऱ्या 'सूर्यकिरण' पथकाचा मुक्कामही तिथेच. शस्त्रांची चोरटी पेटी जिथे उतरली, तिथे आता कवायती होतात.

आजीला मात्र यातलं काही सांगून उपयोग नसे. ती तेव्हा औरंगाबादेत, गुलमंडीजवळच्या वाड्यात होती. हाली रुपये तांब्यात घालून तिनं चुलीशेजारी पुरले, पोरांना बळदात कोंबलं, आणि "इमान अगदी कौलांवरून गेलं" हे तिचं ठाम म्हणणं. भाऊआजोबा हसायचे, "वहिनी, तुमच्याकडे फौज रस्त्यानं आली. विमान कसलं?" पुण्याहून टेम्पेस्टला इथवर यायला फार तर अर्धा-पाऊण तास, एखादं फिरकलंच नसेल, अशी पैज मी तरी लावणार नाही. आजी पैजेच्या भानगडीत पडायची नाही. "तुम्ही बीदरला," ती म्हणायची, "वात बारीक करून बसलेले. तुम्हाला काय दिसणार?"