तुकारामाचं नसलेलं पद

परवा शनिवारी अक्कलकोट रोड एमआयडीसीत मित्राच्या टॉवेलच्या कारखान्यात बसलो होतो. वीज गेली, माग थांबले. त्या शांततेत एक मामा बीज आणि झाडाचं ते प्रसिद्ध पद गुणगुणायला लागले. घरी तेलुगू बोलणारा माणूस, पण सूर पक्का. "तुकाराम महाराजांचं हाय," म्हणाले.

पण ते तुकारामाचं नाहीच! प्रभातच्या 'संत तुकाराम' (१९३६) साठी ते शांताराम आठवल्यांनी लिहिलं. पद इतकं अस्सल जमलं की गाथेत ते नेमकं कुठे आहे, असं जाणकारही विचारायचे म्हणतात.

लोकांना पाठ असलेलं काव्य पडद्यावर आणायचं म्हणजे दिव्यच. पोलंडचं बघा. मित्स्कियेविचचं 'पान तादेऊश' हे महाकाव्य १८३४ साली पॅरिसमध्ये छापलं गेलं, तेव्हा पोलंड नकाशावर देश म्हणून उरला नव्हता. आंद्रे वायदाने १९९९ मध्ये त्यावर सिनेमा काढला. काटछाट केली, पण पात्रं बोलतात ती कवीच्याच छंदात. तिथे निदान गोष्ट तयार होती.

दामले-फत्तेलाल यांच्यापुढे होती गाथा. हजारो अभंग, पण सलग गोष्ट नाही. पटकथाकार शिवराम वाशीकरांनी ती चरित्रातून, आख्यायिकांतून उभी केली. सालोमालो तर गाथेतच भेटतो. सिनेमात तो तुकारामाचे अभंग स्वतःच्या नावावर खपवतो, म्हणून खलनायक. आणि गंमत म्हणजे त्याच सिनेमात आठवल्यांनी नेमकं उलट केलं. आपले शब्द तुकारामाच्या तोंडी दिले आणि स्वतः मागे राहिले.

हे योग्य का? आधी मला खटकलं. अभंगांची एवढी रास असताना नवं कशाला? पण गाथा इंद्रायणीत बुडवली तरी लोकांच्या तोंडी राहिली, असं आपणच अभिमानाने सांगतो ना? मग लोकांच्या तोंडी राहिलेल्या या पदाला परकं कसं म्हणायचं?

न राहवून मामांना खरं सांगितलं. ते हसले. "असंल की. पण पिक्चरमधी तुकारामच गातोय न्हवं?"

गातो खरा. विष्णुपंत पागनीसांच्या तोंडून ऐकलं की शंका उरतच नाही. तरी माझा हट्ट एवढाच, की पद खुशाल तुकारामाचं म्हणून गा, पण विचारलं कोणी तर आठवल्यांचं नाव सांगा. नाहीतर आपल्यात आणि सालोमालोत फरक काय?

असो. वीज आली, माग सुरू झाले. मामांचे ओठ हलत होते, पण ऐकू काहीच येत नव्हतं.